एफए कप, इंग्लिश लीग आणि ब्लॅकबर्नचे गिरणी कामगार

शनिवारपेठी

इथे प्रीमियर लीगवर दर आठवड्याला भरभरून गप्पा होतात आणि विक्रम मोजायची वेळ आली की सगळे ती सुरू झाली त्या १९९२ पासून मोजायला लागतात. त्याआधीची शंभरावर वर्षं कुणाच्या हिशेबातच नसतात. मला हे मनापासून खटकतं. म्हणून हा धागा खास जुन्या इंग्लिश फुटबॉलसाठी: एफए कपचे अंतिम सामने आणि लीगमधल्या लढती. सुरुवात मी करतो आणि माझं मत आधीच मांडून ठेवतो. इंग्लंडमध्ये आजवर झालेल्या सामन्यांत सगळ्यात दूरवर परिणाम करणारा सामना ३१ मार्च १८८३ ला झाला: ब्लॅकबर्न ऑलिम्पिक विरुद्ध ओल्ड इटोनियन्स (ईटन या बड्या शाळेच्या माजी विद्यार्थ्यांचा संघ).

त्यासाठी थोडं मागे जावं लागेल. फुटबॉल असोसिएशन, म्हणजे एफए, १८६३ मध्ये लंडनला स्थापन झाली. पुढे तिचे सचिव झालेले चार्ल्स अल्कॉक हॅरो या बड्या घरच्या मुलांच्या शाळेत शिकलेले. तिथे वसतिगृहांच्या संघांमध्ये बाद पद्धतीने सामने व्हायचे. हीच पद्धत सगळ्या क्लबांसाठी वापरायची कल्पना अल्कॉकनी १८७१ मध्ये मांडली आणि त्यातून एफए कप सुरू झाला. पहिल्या वर्षी १५ संघांनी नावं दिली, बहुतेक लंडन आणि आसपासचे. ग्लासगोहून क्वीन्स पार्क आला, तोही वर्गणी काढून. उपांत्य सामन्यात त्यांनी वाँडरर्सशी बरोबरी केली, पण फेरसामन्यासाठी लंडनला राहण्याइतके पैसे नव्हते म्हणून माघार घेतली. पहिल्याच वर्षातली ही गोष्ट लक्षात ठेवा, कारण प्रवासाचा खर्च आणि बुडालेली मजुरी हे दोन मुद्दे पुढची वीस वर्षं या खेळाचा पिच्छा सोडत नाहीत.

१६ मार्च १८७२ ला केनिंग्टन ओव्हलवर (हो, क्रिकेटचं तेच ओव्हल) वाँडरर्सनी रॉयल इंजिनिअर्सना १-० ने हरवलं. प्रेक्षक साधारण २,०००. गोलच्या वर आडव्या दांडीऐवजी फीत बांधलेली, जाळी नाहीच. इंजिनिअर्सच्या लेफ्टनंट क्रेसवेलचं गळपट्टीचं हाड सामन्याच्या सुरुवातीलाच मोडलं, तरी तो शेवटपर्यंत मैदानात राहिला. विजयी गोल मॉर्टन बेट्सचा, पण त्याने नाव लावलं होतं 'ए. एच. चेकर'.

पुढची अकरा वर्षं कप याच वर्तुळात फिरला. वाँडरर्स पाच वेळा, मग ऑक्सफर्ड विद्यापीठ, रॉयल इंजिनिअर्स, क्लॅपहॅम रोव्हर्स, ओल्ड कार्थुझियन्स आणि दोनदा ओल्ड इटोनियन्स. बड्या शाळांचे माजी विद्यार्थी, लष्करी अधिकारी, वकील, सरकारी नोकर. शनिवारी खेळायला यांना कुणाकडे रजा मागावी लागत नव्हती.

इकडे उत्तरेत, लँकेशायरच्या कापड गिरण्यांच्या गावांत, हाच खेळ वेगळ्या लोकांनी उचलला होता. १८५० च्या फॅक्टरी कायद्याने कापड गिरण्या शनिवारी दुपारी २ ला बंद होऊ लागल्या होत्या. इंग्लंडमधले सामने शनिवारी ३ ला सुरू व्हायची रीत पडली तिचं मूळ या भोंग्यात आहे. ब्लॅकबर्नशेजारचं डार्वेन हे असंच गिरण्यांचं गाव. १८७९ मध्ये त्यांचा संघ उपांत्यपूर्व फेरीत ओव्हलवर ओल्ड इटोनियन्सपुढे उभा राहिला. १-५ ने मागे असताना शेवटच्या काही मिनिटांत त्यांनी चार गोल करून ५-५ अशी बरोबरी केली. इटोनियन्सनी जादा वेळ खेळायला नकार दिला. नियम असा की फेरसामनाही लंडनलाच. गावाने वर्गणी काढली, कामगार परत गेले, २-२. पुन्हा वर्गणी, पुन्हा प्रवास, आणि तिसऱ्या सामन्यात थकलेला डार्वेन ६-२ ने हरला. त्या संघात फर्गस सूटर आणि जिमी लव्ह हे दोन स्कॉटिश खेळाडू होते. सूटर ग्लासगोकडचा पाथरवट. इंग्लंडला आल्यावर त्याने पाथरवटाचं काम सोडलं आणि तरी त्याचं पोट भरत होतं. कसं, हे सगळ्यांना ठाऊक होतं. खेळण्याचे पैसे घेणं नियमाबाहेर होतं, म्हणून उघड कुणी बोलत नव्हतं.

आता १८८३. ब्लॅकबर्न ऑलिम्पिक हा त्या गावातला धाकटा क्लब. थोरला ब्लॅकबर्न रोव्हर्स आदल्याच वर्षी अंतिम सामन्यात इटोनियन्सकडून हरला होता. ऑलिम्पिकमध्ये विणकर, सूतकातणारे, लोखंड कारखान्यातला कामगार, प्लंबर. समोर आर्थर किनेअर्ड (पुढे लॉर्ड किनेअर्ड), ज्यांचा हा नववा अंतिम सामना. सामन्याआधी एका स्थानिक कारखानदाराच्या पैशाने ऑलिम्पिकचा संघ ब्लॅकपूलला समुद्रकाठी सरावासाठी राहिला. जॅक हंटर त्यांना शिकवत होता. सामन्यासाठी वेगळी तयारी करणं हे त्या काळी लंडनच्या मंडळींना खिलाडूपणाला न शोभणारं वाटलं.

इटोनियन्सनी पहिला गोल केला, मॅथ्यूजने बरोबरी साधली. इटोनियन्सचा आर्थर डन जखमी होऊन बाहेर गेला. या वेळी मात्र जादा वेळ खेळवला गेला आणि जिमी कॉस्टली नावाच्या सूतकातणाऱ्या तरुणाने विजयी गोल मारला. २-१. ऑलिम्पिकचे खेळाडू मैदानाच्या एका टोकाकडून दुसऱ्या टोकाकडे लांब पास देत होते. एकेकट्याने चेंडू घेऊन घुसणारे इटोनियन्स शेवटी दमले.

कप उत्तरेला गेला. लंडनच्या क्लबने तो परत जिंकला थेट १९०१ मध्ये. मोठ्या शाळांच्या माजी विद्यार्थ्यांनी तर पुन्हा कधीच नाही.

दोन वर्षांत, जुलै १८८५ मध्ये, एफएने पगारी खेळाडूंना मान्यता दिली. मग नवी अडचण आली: पगार दर आठवड्याला द्यायचा, पण सामना दर आठवड्याला होईल याची खात्री नाही. मैत्रीचे सामने ठरायचे आणि कपचा फेरसामना मध्ये आला की आयत्या वेळी रद्द व्हायचे. प्रेक्षक गेटवरून परत. बर्मिंगहॅमला कापडाचं दुकान चालवणारे अ‍ॅस्टन व्हिलाचे विल्यम मॅकग्रेगर या प्रकाराला कंटाळले आणि २ मार्च १८८८ ला त्यांनी काही क्लबांना पत्र लिहिलं: दहा-बारा चांगल्या क्लबांनी मिळून घरच्या आणि बाहेरच्या सामन्यांचं वेळापत्रक आधीच ठरवून टाकावं. १७ एप्रिलला मँचेस्टरच्या रॉयल हॉटेलात 'फुटबॉल लीग' हे नाव पक्कं झालं. ८ सप्टेंबरला पहिले सामने. बारा क्लब, सहा लँकेशायरचे, सहा मिडलंड्सचे. लंडनचा एकही नाही.

माझं म्हणणं एवढंच की आज जगभर जी साखळी स्पर्धा आपण गृहीत धरतो ती पगाराचा शनिवार पक्का करण्यासाठी जन्मली, आणि पगारी खेळाडूला मागे हटवता येणार नाही हे १८८३ च्या त्या सामन्याने दाखवून दिलं. पटतं का? नाही पटलं तर तुमचा सामना कोणता, ते लिहा.

कूपरेज_गेट

जबरदस्त सुरुवात! वाचनखूण साठवली. एक शंका: बेट्सने खोटं नाव का घेतलं? पकडला गेला असता का?

ओंजळ

वाचतेय. डार्वेनच्या तीन फेऱ्या वाचून राग आला.

शनिवारपेठी

@कूपरेज_गेट, लपवण्यासारखं काही नव्हतं. बेट्स हॅरो चेकर्स या क्लबशी जोडलेला होता आणि तो क्लब स्पर्धेतून बाहेर पडला होता. 'ए. एच. चेकर' म्हणजे हॅरो चेकर्सचा एक खेळाडू, असं त्याचं स्पष्टीकरण दिलं जातं. टोपणनावाने खेळणं तेव्हा सर्रास चालायचं.

@ओंजळ, मलाही येतो. पुढे नियम बदलले आणि शेवटच्या फेऱ्या ओव्हलवरच खेळायची सक्ती गेली, पण डार्वेनला त्याचा उपयोग झाला नाही.

लंकाशायरकर

मी प्रेस्टनला राहतो, त्यामुळे इथे लिहिल्याशिवाय राहवत नाही. धागाकर्त्याने ऑलिम्पिकला मान दिला तो योग्यच, पण मधला एक दुवा राहिला: प्रेस्टन नॉर्थ एंड आणि विल्यम सडेल.

सडेल गिरणीचे व्यवस्थापक आणि क्लबचे सर्वेसर्वा. १८८४ मध्ये कपच्या सामन्यानंतर लंडनच्या अप्टन पार्क क्लबने तक्रार केली की प्रेस्टनचे खेळाडू पगारी आहेत. इतर क्लब असल्या वेळी साफ नाही म्हणायचे. सडेलनी उघड कबूल केलं की हो, देतो, आणि उत्तरेत सगळेच देतात. प्रेस्टनला स्पर्धेतून काढलं. मग उत्तरेचे क्लब एफए सोडून वेगळी संस्था काढायच्या तयारीला लागले, आणि त्या दबावाखाली १८८५ चा निर्णय झाला. म्हणून माझ्या मते १८८३ ने दार ढकललं असेल, पण उघडलं सडेलनी.

लीगच्या पहिल्या सीझनमध्ये, १८८८-८९ ला, प्रेस्टनने २२ पैकी १८ सामने जिंकले, ४ बरोबरीत सोडवले, एकही हरले नाहीत. ४० गुण, दुसऱ्या क्रमांकावरच्या व्हिलाचे २९. त्याच वर्षी कपही जिंकला, अंतिम सामन्यात वुल्व्ह्‌जना ३-० ने हरवून, आणि अख्ख्या स्पर्धेत एकही गोल न खाता. लीग संपूर्ण सीझन न हरता जिंकणारा यानंतरचा संघ म्हणजे २००३-०४ चा आर्सेनल. मध्ये ११५ वर्षं गेली.

सडेलचा शेवट मात्र वाईट झाला. गिरणीच्या पैशांची अफरातफर केल्याबद्दल १८९५ मध्ये त्यांना तीन वर्षांची शिक्षा झाली. प्रेस्टनच्या डीपडेल मैदानावर सामना बघायला जातो तेव्हा त्यांची आठवण येते. त्यांनी जे केलं ते चूकच होतं, पण या क्लबवर त्या माणसाइतकं प्रेम क्वचित कुणी केलं असेल.

गिरणगावकर

माझे आजोबा आणि वडील दोघेही परळच्या गिरणीत होते. आमच्याकडच्या कित्येक गिरण्यांत यंत्रं लँकेशायरहून आलेली, ओल्डहॅमच्या प्लॅट ब्रदर्सचं नाव आजोबांच्या तोंडी असायचं. त्याच यंत्रांवर तिकडे काम करणाऱ्या माणसांनी एवढा मोठा खेळ उभा केला हे वाचून फार बरं वाटलं. त्या ऑलिम्पिक क्लबचं पुढे काय झालं?

शनिवारपेठी

@गिरणगावकर, १८८९ मध्ये बंद पडला. लीगसाठी ब्लॅकबर्नमधून रोव्हर्सना घेतलं गेलं. रोव्हर्सनी १८८४, ८५, ८६ असा सलग तीनदा कप जिंकला होता, त्यांच्याकडे पैसा आणि गर्दी दोन्ही होती. ज्या क्लबने रस्ता मोकळा केला त्याला त्या रस्त्यावरून जेमतेम सहा वर्षंच चालता आलं.

@लंकाशायरकर, सडेलचा मुद्दा एकदम मान्य. तो दुवा हवाच होता.

नऊ_नंबर

१८८३ चं महत्त्व कळलं, पण कपचा अंतिम सामना हा अख्ख्या देशाचा सण कधी झाला? माझं उत्तर: २८ एप्रिल १९२३, वेम्ब्ली.

स्टेडियम नुकतं बांधून झालेलं. बोल्टन वाँडरर्स विरुद्ध वेस्ट हॅम. मैदान एवढं मोठं की सगळी तिकिटं आधी विकायची गरज नाही असं आयोजकांना वाटलं. अधिकृत आकडा १,२६,०४७, पण भिंती चढून, फाटकं ओलांडून लोक आत आले आणि खरा आकडा दोन लाखांच्या वर गेल्याचे अंदाज आहेत. मैदानाचं गवत दिसेना. घोडेस्वार पोलीस आले, त्यांत जॉर्ज स्कोरी आणि त्यांचा पांढुरका घोडा बिली. स्कोरींनी लोकांना एकमेकांचे हात धरायला लावून इंचाइंचाने रेषेपर्यंत मागे सरकवलं. सामना सुमारे पाऊण तास उशिरा सुरू झाला आणि दुसऱ्याच मिनिटाला डेव्हिड जॅकने गोल मारला. बोल्टन २-०. लोक अगदी रेषेला चिकटून उभे होते, कॉर्नर घ्यायला धावायलाही जागा नव्हती.

एवढ्या रेटारेटीत कुणाचा जीव गेला नाही, हे नशीब. त्यानंतर अंतिम सामन्याला आधी तिकीट काढल्याशिवाय प्रवेश नाही असं ठरलं. आज वेम्ब्लीजवळच्या पादचारी पुलाला 'व्हाइट हॉर्स ब्रिज' असं नाव आहे.

आता बाकीचे माझे लाडके सामने भराभर. १९२७: कार्डिफ सिटी १, आर्सेनल ०. ह्युई फर्ग्युसनचा फटका आर्सेनलचा गोलकीपर डॅन लुइसच्या हातांतून निसटून आत गेला. लुइस स्वतः वेल्सचा. कप इंग्लंडबाहेर गेला तो ही एकच वेळ. रेडिओवर ऐकवलेला हा पहिला अंतिम सामना. १९३३: अंतिम सामन्यात पहिल्यांदा पाठीवर आकडे, एव्हर्टनला १ ते ११ आणि मँचेस्टर सिटीला १२ ते २२. एव्हर्टनचा नऊ नंबर डिक्सी डीन. माझं सदस्यनाम तिथूनच.

आणि १९५३. ब्लॅकपूलचा स्टॅनली मॅथ्यूज ३८ वर्षांचा, १९४८ आणि १९५१ चे अंतिम सामने हरलेला. ब्लॅकपूल १-३ ने मागे. बोल्टनचा एरिक बेल पाय दुखावलेला असूनही मैदानात, कारण बदली खेळाडू तेव्हा नव्हतेच. त्याने तशा पायाने हेडर मारून तिसरा गोल केला होता. मग उजव्या बाजूने मॅथ्यूजने बोल्टनच्या बचावाची जी दाणादाण उडवली ती आजही चित्रफितीत बघण्यासारखी आहे. मॉर्टेन्सनने हॅटट्रिक पूर्ण केली, आणि अगदी शेवटी मॅथ्यूजच्या पासवर बिल पेरीने ४-३ केलं. लोक याला 'मॅथ्यूज फायनल' म्हणतात. माझ्या मते मॉर्टेन्सनवर हा अन्याय आहे. तीन गोल त्याचे, वेम्ब्लीवरच्या एफए कप अंतिम सामन्यातली तोवरची पहिली हॅटट्रिक, आणि नाव दुसऱ्याचं!

ओंजळ

नऊ_नंबर, मॉर्टेन्सनबद्दल शंभर टक्के सहमत.

पण मंडळी, आतापर्यंतच्या सगळ्या धाग्यात बायका कुठेच नाहीत. आणि त्या होत्या, त्याच प्रेस्टनमध्ये. डिक, कर कंपनीच्या कारखान्यात पहिल्या महायुद्धात दारूगोळा बनवणाऱ्या मुलींनी १९१७ मध्ये संघ काढला. त्या वर्षी नाताळात डीपडेलवर त्यांच्या सामन्याला १०,००० लोक आले. जमलेला पैसा जखमी सैनिकांसाठी. २६ डिसेंबर १९२० ला लिव्हरपूलच्या गुडिसन पार्कवर सेंट हेलेन्सशी सामना झाला तेव्हा आत ५३,००० प्रेक्षक होते आणि हजारो बाहेर राहिले. त्यांच्या संघातली लिली पार तेव्हा पंधरा वर्षांची होती.

५ डिसेंबर १९२१ ला एफएने ठराव केला की हा खेळ स्त्रियांना योग्य नाही, आणि आपल्या क्लबांना त्यांची मैदानं बायकांच्या सामन्यांना द्यायला बंदी केली. ती बंदी जवळजवळ पन्नास वर्षं टिकली. स्त्रियांचा कप १९७०-७१ च्या सीझनला सुरू झाला, त्यांचा अंतिम सामना वेम्ब्लीवर पोचायला २०१५ उजाडलं, आणि २०२३ ला चेल्सी-मँचेस्टर युनायटेड सामन्याला ७७,३९० लोक आले. १८८३ ला कामगारांनी दार उघडलं असं वर म्हटलंय. त्याच खेळाच्या मालकांनी ३८ वर्षांनी कामगार मुलींच्या तोंडावर ते लावून घेतलं. इतिहास लिहायचा तर हेही लिहा.

लंकाशायरकर

ओंजळताई, मनापासून धन्यवाद. हे मीच लिहायला हवं होतं. त्या संघाची आठवण इथे आता जपली जाते, पण फार उशिरा.

गिरिभ्रमर

मी विरुद्ध पक्षातला. कपचे किस्से सुंदर आहेत, पण एक दिवस चांगला गेला की कप मिळतो. लीगमध्ये डिसेंबरचा चिखल, जानेवारीचा बर्फ, दुखापती, सगळं झेलून नऊ महिने उभं राहावं लागतं. आणि लीग निर्दयही आहे: १९३७ ला विजेता ठरलेला मँचेस्टर सिटी १९३८ ला पहिल्या, म्हणजे तेव्हाच्या सगळ्यात वरच्या विभागातून खाली घसरला, तेही त्या वर्षी विभागात सर्वाधिक, ८० गोल करून! १९२७-२८ चा डिक्सी डीन घ्या. शेवटच्या सामन्याआधी ५७ गोल, जॉर्ज कॅम्सेलचा आदल्या वर्षीचा ५९ चा विक्रम मोडायला तीन हवेत, समोर आर्सेनल. तीन मारले. एका सीझनला लीगचे ६० गोल, आजतागायत अबाधित.

आणि नाट्य हवं तर २६ मे १९८९, लिव्हरपूलचं मैदान अ‍ॅनफिल्ड. लीगचा शेवटचा सामना आणि नेमके पहिल्या दोन क्रमांकांवरचे संघ समोरासमोर. आर्सेनलला दोन गोलांच्या फरकाने जिंकायलाच हवं होतं. अ‍ॅलन स्मिथने हेडरने पहिला केला, आणि वेळ संपत आल्यावर मायकेल थॉमस एकटा आत घुसला. ०-२. दोघांचे ७६ गुण, गोलफरकही सारखा, आर्सेनल जास्त गोल केल्यामुळे विजेता. असा शेवट कुठल्या कपाने दिलाय?

मैदानावरून

गिरिभ्रमर, तो सामना २६ मेपर्यंत लांबला का, हे सांगितल्याशिवाय त्याची गोष्ट पूर्ण होत नाही.

१५ एप्रिल १९८९. शेफील्डचं हिल्सबरो मैदान, कपचा उपांत्य सामना, लिव्हरपूल विरुद्ध नॉटिंगहॅम फॉरेस्ट. पोलिसांनी बाहेरची गर्दी कमी करायला फाटक उघडलं आणि लोक आधीच भरलेल्या, कुंपणाने बंद केलेल्या कप्प्यांमध्ये गेले. ९७ जणांचा जीव गेला, त्यांत कित्येक शाळकरी मुलं. त्यानंतर काही वर्तमानपत्रांनी आणि पोलिसांनी दोष प्रेक्षकांवरच टाकला. घरच्या लोकांनी सत्तावीस वर्षं लढा दिला, तेव्हा २०१६ मध्ये ज्यूरीने निकाल दिला की हे मृत्यू बेकायदेशीररीत्या घडवले गेले आणि प्रेक्षकांचा काही दोष नव्हता.

शोकामुळे सामने पुढे गेले. २० मेला लिव्हरपूलने वेम्ब्लीवर आपल्याच शहरातल्या एव्हर्टनला ३-२ ने हरवून कप जिंकला, आणि सहा दिवसांनी अ‍ॅनफिल्डचा तो सामना झाला. या दुर्घटनेच्या चौकशीचा टेलर अहवाल आल्यावर मोठ्या मैदानांतली कुंपणं गेली, उभ्याने बघायच्या जागी खुर्च्या आल्या. आज टीव्हीवर दिसणारी स्टेडियमं त्या दिवसानंतरची आहेत.

गिरिभ्रमर

मैदानावरून, तुम्ही हे लिहिलंत ते फार आवश्यक होतं. धन्यवाद.

कूपरेज_गेट

आपल्याकडचा धागा जोडतो. पहिल्या अंतिम सामन्यात हरलेले रॉयल इंजिनिअर्स लष्करी अधिकारी होते, आणि त्यांच्यातला हेन्री रेनी-टेलर तर मसुरीत जन्मलेला. आपल्याकडे फुटबॉल रुजला त्यात अशाच पलटणींचा मोठा वाटा, त्यामुळे आपल्याकडेही आधी आला तो कप: १८८८ मध्ये सिमल्याला ड्युरँड कप, १८९१ मध्ये मुंबईत रोव्हर्स कप. इंग्लंडमध्ये लीग सुरू झाली ते वर्ष आणि ड्युरँडचं वर्ष एकच! कलकत्त्याची लीग १८९८ पासून आहे, पण देशपातळीवरची लीग यायला १९९६ उजाडलं. मुंबईच्या महिंद्र युनायटेडने ती २००५-०६ ला जिंकली आणि २०१० मध्ये संघच बंद झाला. शनिवारपेठींचा पगाराचा मुद्दा इथे लागू पडतो असं मला वाटतं. पलटणींना आणि कंपन्यांच्या संघांना पगार सरकार किंवा कंपनी देत होती. गेटच्या पैशावर जगायची वेळ आली नाही, म्हणून लीगची निकड कुणाला वाटली नाही.

शनिवारपेठी

@कूपरेज_गेट, हा मुद्दा मला फार आवडला. यावर तुम्ही स्वतंत्र धागा काढाच.

@गिरिभ्रमर, तुमचं १९८९ मान्य. पण कप एका दिवसाचा असतो हे मला पटत नाही. १९७३ चा सुंदरलंड बघा. दुसऱ्या विभागातला संघ, अंतिम सामन्यात लीड्‌ससमोर. पण तिथवर येताना त्यांनी मँचेस्टर सिटी आणि आर्सेनल या दोघांना बाहेर काढलं होतं. पोर्टरफील्डचा गोल, जिम माँटगोमेरीने लागोपाठ अडवलेले दोन फटके, आणि शिट्टी वाजल्यावर रेनकोट आणि हॅट घालून मैदानात धावत सुटलेले त्यांचे मॅनेजर बॉब स्टोको. किंवा १९८८ चा विम्बल्डन: १९७७ पर्यंत जो क्लब लीगमध्येच नव्हता, त्याने लिव्हरपूलला १-० ने हरवलं, आणि गोलकीपर बीझंटने ऑल्ड्रिजची पेनल्टी अडवली. अंतिम सामन्यात अडवली गेलेली ती पहिली पेनल्टी. लहान गावाच्या क्लबला लीग कधीच देऊ शकत नाही ते कप देतो.

लंकाशायरकर

आणि लीगने कामगाराला पगार दिला हे खरं, पण १९०१ पासून त्याला वरची मर्यादाही घातली: आठवड्याला ४ पौंड. ही मर्यादा १९६१ पर्यंत होती, शेवटी २० पौंड. आमचा टॉम फिनी इंग्लंडचा सर्वोत्तम खेळाडूंपैकी एक, तरी प्लंबरचा धंदा सांभाळून खेळायचा. १९५२ ला इटलीच्या पालेर्मोने त्याला मोठी रक्कम देऊ केली, प्रेस्टनने सोडलं नाही. करार संपला तरी क्लब खेळाडूला अडवून ठेवू शकायचा. जिमी हिलच्या पुढाकाराने खेळाडूंनी संपाची नोटीस दिली तेव्हा कुठे मर्यादा गेली, आणि १९६३ मध्ये जॉर्ज ईस्टहॅमने कोर्टात जाऊन अडवणुकीचा नियम मोडून काढला. डीपडेलबाहेर फिनीचा पाणी उडवत घसरतानाचा पुतळा आहे. इकडे कुणी आलं तर मी दाखवायला नेईन.

ओंजळ

फेरसामने बंद केले ना आता? डार्वेनच्या गोष्टीनंतर मला वाटलं की ते बंद झाले ते बरंच.

शनिवारपेठी

@ओंजळ, हो, २०२४-२५ पासून मुख्य स्पर्धेत फेरसामना नाही. जादा वेळ आणि मग पेनल्टी. अंतिम सामन्याचा शेवटचा फेरसामना १९९३ चा, आर्सेनल-शेफील्ड वेन्सडे. डार्वेनच्या वेळी फेरसामना गरिबाला मारत होता, पण नंतर तोच त्याचा आधार झाला. जानेवारी २००५ मध्ये लीगबाहेरच्या एक्सेटर सिटीने ओल्ड ट्रॅफर्डवर मँचेस्टर युनायटेडला ०-० वर रोखलं. क्लब कर्जात बुडालेला होता. ओल्ड ट्रॅफर्डच्या गेटमधला वाटा आणि मग घरच्या मैदानावरचा फेरसामना, या दोन्हींच्या पैशाने त्यांना मोठा हात दिला. मोठ्या क्लबांचं वेळापत्रक भरलेलं आहे म्हणून लहान क्लबांची ही संधी काढून घेणं मला मुळीच पटलेलं नाही.

गिरणगावकर

एक शेवटची शंका. २०२५ चा कप क्रिस्टल पॅलेसने जिंकला. जुन्या काळी अंतिम सामने क्रिस्टल पॅलेसला व्हायचे असंही कुठेतरी ऐकलंय. दोन्ही एकच का?

शनिवारपेठी

@गिरणगावकर, जागा तीच. १८९५ ते १९१४ सगळे अंतिम सामने तिथे झाले. १९०१ ला टॉटनहॅम आणि शेफील्ड युनायटेड यांच्यात २-२ झाली तेव्हा तिथे १,१०,८२० लोक होते. टॉटनहॅमने बोल्टनला झालेला फेरसामना ३-१ ने जिंकला. लीग सुरू झाल्यानंतर लीगमध्ये नसलेल्या क्लबने कप जिंकला तो तेवढा एकदाच. क्रिस्टल पॅलेस क्लब १९०५ मध्ये निघाला, आणि महायुद्धात १९१५ ला मैदान नौदलाने ताब्यात घेईपर्यंत याच जागेवर खेळत होता. पुढे १९९० आणि २०१६ चे अंतिम सामने ते हरले. १७ मे २०२५ ला वेम्ब्लीवर एझेच्या गोलने मँचेस्टर सिटीला १-० ने हरवलं, गोलकीपर हेंडरसनने मार्मुशची पेनल्टी अडवली, आणि क्लबला पहिला मोठा करंडक मिळाला. तो सामना पूर्ण बघा, विशेषतः हेंडरसनसाठी.